पांढऱ्या दोऱ्याची शिवण

रत्नागिरी,
२ एप्रिल १९८९

प्रिय करीम,
अस्सलामु अलैकुम.

गुलाम रसूल परवा बहरीनहून आला आणि काल तुझं पार्सल देऊन गेला. दारातूनच दिलं. आत ये म्हटलं तर आला नाही, अजून लाजतो मेला! दोन वर्षांपूर्वी त्याच्या घरच्यांनी मला मागणी घातली आणि मी नको म्हटलं, ते अजून त्याच्या मनातून जात नाही. असो. दुधाच्या पावडरीचे डबे, टॉर्च, अम्मीचं कापड, अत्तर, सगळं नीट पोचलं. आणि कापडाच्या घडीत ती फ्लॉपी! करीम, तू मावसभाऊ नाहीस रे, सख्खाच आहेस.

फेब्रुवारीत तुझ्यापुढे रडगाणं गायले होते ते आठवतंय ना? आमच्या हॉस्पिटलच्या कॉम्प्युटरवर मी रक्तदात्यांची यादी ठेवते. तेवीसशे नावं. पावसच्या बागांतून, मिरकरवाड्याच्या जेटीवर, लोट्याला कंपनीच्या बशी थांबतात तिथे उभी राहून चार वर्षं एकेकाचं बोट टोचून गोळा केलेली. आमच्याकडे रक्त साठवायची सोय नाही. माणूस आडवा झाला की जुळणारा माणूस शोधून आणायचा, एवढाच उपाय. ज्या मुंबईवाल्याने प्रोग्रॅम लिहून दिला त्याने आत ३१ मार्चची मुदत घालून ठेवली होती. आता त्याच्या ऑफिसला कुलूप आणि फोन बंद. काल मशीन लावलं तर पडद्यावर एकच ओळ, मुदत संपली. यादी आत आणि आम्ही बाहेर.

त्यात जनीची काळजी. ही पावसला बागेची राखण करणाऱ्या भागोजीची बायको. जूनच्या पहिल्या आठवड्यात बाळंत व्हायची आहे. मागच्या खेपेला इतकं रक्त गेलं की मरता मरता वाचली, आणि गट ओ निगेटिव्ह. असली माणसं मोजकीच. त्यातली दोन तरी आम्हाला हाताशी पाहिजेत. जुनी कार्डं आहेत, पण ती पोत्यांत भरून माळ्यावर टाकलेली, कशाचा कशाला मेळ नाही. डॉक्टर म्हणतात, पोती उपसत कोण बसणार, करीमची फ्लॉपी आली आहे ना!

फ्लॉपीवर नुसतं ‘पॅच’ लिहिलंय. सोबत टाइप केलेली चिठ्ठी, ‘मशीनमध्ये घाल, पॅच असं टाइप कर, मुदत निघून जाईल. करीम.’ हल्ली चिठ्ठ्यासुद्धा टाइप करतोस? साहेब झालास! चालवण्याआधी काही करायचं असतं का, तेवढं कळव. डॉक्टरांना घाई झाली आहे, मी त्यांना थोपवून धरलंय.

तुझी आपा,
सईदा


मनामा, बहरीन,
१३ एप्रिल १९८९

प्रिय सईदाआपा,
सलाम.

मी फ्लॉपी पाठवलेली नाही.

हे वाक्य पुन्हा वाच आणि मग पुढचं वाच. मी पार्सलात चार डबे, एक टॉर्च, खालाचं कापड आणि अत्तराची कुपी घातली. फ्लॉपी नाही, चिठ्ठी नाही. माझ्याकडे टाइपरायटर कुठला? तुझं पत्र काल मिळालं तेव्हापासून तुमच्या शेजारच्या दुकानात ट्रंककॉल लावतोय, लाइनच लागत नाही. म्हणून हे लिहितोय, आणि हे पोचेपर्यंत दहा-बारा दिवस जाणार म्हणून जीव खालीवर होतोय.

ती फ्लॉपी मशीनमध्ये घालू नको. नुसती बघायला म्हणूनसुद्धा घालू नको. ती कोणी बनवली, कोणाकोणाच्या हातांतून आली आणि आत जाऊन नेमकं काय करते, यातलं एकही आपल्याला ठाऊक नाही. कुलूप उघडणारा आत शिरतोच ना? मग तो कुलूप उघडून तसाच बाहेर निघून जातो कशावरून? इकडे असल्या फ्लॉप्यांतून एक रोग पसरलाय, त्याला व्हायरस म्हणतात. एका मशीनचा दुसऱ्याला लागतो.

माझा कोणावरही भरवसा राहिलेला नाही. खोलीत आम्ही सहा जण राहतो. पार्सल एक रात्र दाराशी पडून होतं. मग गुलाम रसूलच्या हातात, विमानात, मुंबईत कस्टमसमोर, तिथून बशीत. कोणीही हात घातला असेल. पण खरं सांगू? पोस्टाने अनोळखी पाकीट आलं असतं तर खालाने ते दहा वेळा उलटंपालटं केलं असतं. आपल्या माणसाच्या हाताने आलं की आपण बघतच नाही. मोहल्ल्याची ही खोडच आहे.

पोती खाली काढ. महिना लागू दे. आणि डॉक्टर अगदीच ऐकेनात तर निदान आहे त्या यादीची नक्कल फ्लॉप्यांवर काढून घे, त्यांच्या खाचेवर चंदेरी पट्टी चिकटव म्हणजे वर काही लिहिलं जाणार नाही, आणि त्या घरी कपाटात ठेव. ही फ्लॉपी चालवायचीच तर जिच्यात काही नाही अशा रिकाम्या मशीनवर आधी चालवून बघा. हॉस्पिटलच्या मशीनवर नको गो बाई, पाया पडतो.

तुझा,
करीम


रत्नागिरी,
२५ एप्रिल १९८९

करीम,

तुझं पत्र काल मिळालं. उशीर झाला. फ्लॉपी सतरा तारखेलाच चालवली. डॉक्टर म्हणाले, जनीचे दिवस भरत आलेत, करीमच्या पत्राची वाट बघत बसू का? मी समोर बसून पॅच टाइप केलं. अर्धं मिनिट घरघर झाली आणि यादी उघडली! पहिलं पान बघितलं, अक्षरन् अक्षर बरोबर. डॉक्टरांनी पेढे आणवले. माझा रोजा होता, म्हणून माझा पेढा त्यांनी कागदात बांधून दिला.

आणि मग काल तुझं हे पत्र. वाचून माझं डोकंच फिरलं. मी गुलाम रसूलकडे गेले आणि त्याच्या आईसमोर विचारलं, पार्सलात फ्लॉपी कोणी घातली? म्हणाला, “दिलं तसं आणलं, मला काय ठाऊक?” बोलताना वर बघितलं नाही, पण तो माझ्याकडे बघून कधी बोलतो? माझं म्हणशील तर माझा संशय दुसरीकडेच आहे. राग मानू नको. तू कंपनीच्या कॉम्प्युटर सेक्शनात आहेस. तिथून कॉपी मारून पाठवलीस आणि मग घाबरलास, असं तर नाही ना? साहेबाला कळलं तर नोकरी जाईल म्हणून आता हात झटकतोयस? तसं असेल तर सरळ सांग. मी कुठे पोलिसात जाणार आहे? पण मला खोटं सांगू नको, आणि चांगलं काम झालंय तर त्यात रोग-बिग काढू नको.

मशीन उत्तम चालतंय. रोज लावते, रोज उघडतं. जनीसाठी तीन नावं निघालीत.

ईदला तुझी आठवण येईल. तुझी अम्मी बरी आहे, तुझा पगार वाढला का म्हणून विचारते.

सईदा


मनामा,
६ मे १९८९

प्रिय आपा,
ईद मुबारक.

तुझ्या पत्राचा राग नाही आला. शरम वाटली, कारण त्यातली एक गोष्ट खरी असायला हवी होती आणि ती खरी नाही. मी कॉम्प्युटर सेक्शनात नाही. गेल्या नोव्हेंबरापासून गोदामात खोकी उचलतो. घरी कोणाला सांगितलेलं नाही, तूही अम्मीला सांगू नकोस.

का ते ऐक. आमच्याकडे छपाईच्या प्रोग्रॅमला असंच कुलूप होतं. एका ओळखीच्या इजिप्शियनाने फ्लॉपी दिली, म्हणाला एका मिनिटात उघडेल. उघडलं. मी सेक्शनात हिरो झालो. दोन महिन्यांनी एका जहाजाला इंजिनाचे भाग गेले आणि एकही बसेना. आमच्या यादीतले भागांचे नंबर बदलले होते. सगळे नाही, रोज चार-दोन. वरून बघितलं तर यादी जशीच्या तशी. कोणी केलं हे शोधायला त्यांना आठवडा लागला. मला घरी पाठवलं नाही, गोदामात पाठवलं, ही त्यांची मेहेरबानी.

म्हणून यादी उघडली हे मला सांगू नको. उघडणारच, त्यासाठीच तर ती फ्लॉपी बनवलेली. तू एक कर. हे पत्र हातात असतानाच उठ आणि मशीनमध्ये स्वतःचं नाव काढ. मग खालाचं. मग तुला ज्यांचे गट तोंडपाठ आहेत अशा लोकांची नावं काढ. एकही चुकलेलं निघालं तर मशीन बंद कर, त्यात दुसरी कुठली फ्लॉपी घालू नको, त्यातली कुठली दुसरीकडे नेऊ नको. ती पॅचची फ्लॉपी फेकू नको, वर ‘विषारी’ असं लिहून कुलपात ठेव.

आणि आणखी एक. पार्सलाचं कापड कुठल्या दोऱ्याने शिवलेलं होतं? मी जाळ्याच्या निळ्या नायलॉनने शिवतो, अब्बांसारखं, गाठीवर गाठ. आठवून सांग.

करीम


रत्नागिरी,
१९ मे १९८९

करीम,

दोरा पांढरा होता. साधा, शिवणयंत्राचा. अम्मीने त्या कापडाची पिशवी केली होती, कडेला तुझ्या निळ्या दोऱ्याचे दोन तुटके धागे अजून अडकलेत. पार्सल कोणीतरी उसवून पुन्हा शिवलं. मी तुला खोटारडा म्हटलं, मला माफ कर.

पण ते राहू दे. काल तुझं पत्र मिळालं आणि मी उभ्यानेच मशीन लावलं. माझं नाव काढलं. माझा गट ए पॉझिटिव्ह आहे, कॉलेजापासून ठाऊक आहे. पडद्यावर ओ निगेटिव्ह. जनीसाठी आज यादी काढली असती तर त्यात मीच आले असते. अम्मीचा बरोबर होता. मग पाठ असलेले चाळीस लोक काढले, त्यातले अकरा चुकलेले. डॉक्टरांना हाक मारली. ते आले, बघितलं आणि खुर्चीत बसले. देण्याआधी रक्त पुन्हा जुळवून बघतातच, त्यामुळे चुकीचं रक्त कोणाला चढत नाही. पण योग्य माणूस यादीतून नाहीसा झाला तर तो कसा सापडायचा?

संध्याकाळी आम्ही पोती खाली काढली. वाळवीने कडा खाल्ल्यात, पण वाचता येतात. मी, डॉक्टर आणि दोन नर्सबाया मिळून जमिनीवर बसलो आणि गटांप्रमाणे ढीग करायला लागलो. जनीसाठी सोळा नावं निघाली. मशीनने तीनच दिली होती, आणि त्यातलं एकच खरं होतं.

मग बी निगेटिव्हचा ढीग. त्यात एक कार्ड धाकूचं. हा मिरकरवाड्यात बर्फाच्या कारखान्यात लाद्या फोडतो. कार्ड हातात घेतलं आणि मला सखू आठवली.

तीन मेला दुपारी लांज्याकडून सखू नावाची बाई आली होती. पन्नाशीची, रक्ताच्या उलट्या होत होत्या. तिच्या मुलाने, रघूने, तिला हातांवर उचलून आत आणलं. गट बी निगेटिव्ह. मुलाचा जुळला नाही. मी मशीन लावलं, बी निगेटिव्ह मागितलं, दोन नावं आली. एक माणूस मुंबईला गेलेला, दुसऱ्याचा तपासल्यावर गटच वेगळा निघाला. त्या क्षणी मला संशय यायला हवा होता ना रे? मी म्हटलं, बोट टोचताना माझीच चूक झाली असेल. ओ निगेटिव्हही चाललं असतं, पण जनीच्या त्या तिघांपैकी कोणी वेळेत हाती लागलं नाही. डॉक्टरांनी सखूला जीपने कोल्हापूरला पाठवलं. आंबा घाटात गेली.

धाकू त्या वेळी हॉस्पिटलपासून दहा मिनिटांवर बर्फ फोडत होता. मशीनमध्ये तो बी पॉझिटिव्ह झाला होता. आज सकाळी मी त्याला जाऊन विचारलं. म्हणाला, “ताई, मी तिथंच होतो. हाक मारली असती तर तसाच आलो असतो.”

मी काय करू, करीम?

सईदा


मनामा,
२९ मे १९८९

प्रिय आपा,

तुझं पत्र गोदामात उभ्याने वाचलं. पुढे काम झालं नाही.

आधी जनीचं. त्या सोळा जणांना नुसतं कार्डावर विसंबून बोलावू नको. कार्डावरही चूक असू शकते, हात तर माणसाचाच. एकेकाला पुन्हा टोचून बघ आणि मगच नाव लिही. मशीनला प्रोग्रॅमसोबत आलेल्या मूळच्या फ्लॉप्यांवरून सगळं नव्याने घातल्याशिवाय हात लावू नका. मुंबईवाल्याचा शोध चालू ठेवा, नाही सापडला तर नाही. कागदावर जग चालायचंच की.

आता माझी कबुली. गुलाम रसूलला पार्सल देताना मीच सांगितलं होतं, आपाची यादी मुदतीत अडकलीय, बिचारी रडकुंडीला आलीय. तो ऐकत बसला होता. पांढरा दोरा त्याचाच असणार, माझी खात्री झालीय. पण त्याने मुद्दाम वाईट केलं असेल असं म्हणवत नाही.

सखूचं मात्र कोणाला सांगू नको. रघूला तर नकोच. त्याची आई परत येणार नाही, तुझी नोकरी जाईल, डॉक्टरांचं नाव जाईल, गुलाम रसूलला लोक जगू देणार नाहीत. डॉक्टरसुद्धा हेच म्हणत असतील. मी सहा महिने गप्प राहिलोय. सवय होते.

तुझा,
करीम


रत्नागिरी,
१४ जून १९८९

प्रिय करीम,

जनी पाच तारखेला बाळंत झाली. मुलगी. रक्त गेलंच, पण या खेपेला सोळांपैकी चार जण पुन्हा तपासून तयार ठेवले होते. त्यातला रामा लोट्याहून पहिल्या पाळीच्या बशीने थेट आला आणि मिरकरवाड्याची तुळसा माशांची पाटी शेजारणीकडे सोपवून आली. दोघांचं रक्त घेतलं. जनी परवा पावसला घरी गेली. भागोजीने आंब्याची पेटी आणून दिली, ती सगळ्या स्टाफने संपवली.

आता गुलाम रसूलचं. तुझं पत्र यायच्या आधीच तो आपणहून आला. त्याच्या आईने पांढऱ्या दोऱ्याचं ऐकलं होतं म्हणे, मोहल्ल्यात काय लपतं? सगळं कबूल केलं. मुंबईत आपल्या गावच्या जमातीची खोली आहे, तिथे दोन दिवस होता. ओळखीच्याच्या ओळखीतला एक पोरगा भेटला, म्हणाला कुठलंही कुलूप उघडतो. त्याच्याकडून फ्लॉपी घेतली, चिठ्ठी टाइप करून घेतली, पार्सल उसवलं आणि खालच्या शिंप्याकडून शिवून घेतलं. म्हटलं, माझं नाव का घातलं नाहीस? म्हणाला, “माझ्या हातचं तू घेतलं नसतंस.” आणि खरंच आहे ते. त्याने दिली असती तर मी दहा प्रश्न विचारले असते आणि फ्लॉपी ड्रॉवरात पडून राहिली असती. तुझं नाव होतं म्हणून मी तोंड उघडलं नाही. त्याने वाईट चिंतलं असतं तर मला त्याचा राग करता आला असता. माझं भलं करायला निघाला होता रे तो! याचीच मला भीती वाटते.

तेव्हापासून तो लुनावरून गावोगाव फिरत होता. कार्डं घेऊन जायचा, पत्ते तपासायचा, लोकांना टोचायला घेऊन यायचा. सहाशे नावं झालीसुद्धा. जनीची मुलगी बघायला आला तेव्हा हसत होता. म्हणाला, फिटलं म्हणायचं. सखूचं त्याला ठाऊक नव्हतं.

तुझा सल्ला वाचला. डॉक्टरही तेच म्हणाले. मी दोघांचंही ऐकलं नाही. दहा तारखेला लांज्याला गेले, तिथून तीन मैल चालत रघूच्या वाडीवर. तो भातासाठी जमीन नांगरत होता. बांधावर बसून सगळं सांगितलं, एक शब्द मागे ठेवला नाही. धाकूचं कार्डही दाखवलं. त्याला वाचता येतं. वाचलं, परत दिलं आणि विचारलं, “त्या पेटीने नाही म्हटलं म्हणून तुम्ही शोधलंच नाही?” मी म्हटलं, “नाही शोधलं.” त्याने बैलांकडे बघितलं, मग मला म्हणाला, “आता जावा तुम्ही.” मी आले. तो पोलिसात जाईल का, ठाऊक नाही. गेला तर जे सांगितलं तेच तिथे सांगेन.

परत आले तर गुलाम रसूल हॉस्पिटलच्या पायरीवर नवी कार्डं घेऊन बसलेला. त्यालाही सांगितलं. तारीख, वेळ, आंबा घाट, धाकू, सगळं. त्याचा चेहरा बघवत नव्हता. म्हणाला, “मला का सांगितलंस, सईदा? मी काय करणार आता?” मी म्हटलं, “यापुढे कोणाचं भलं करशील तेव्हा त्यावर स्वतःचं नाव घाल.”

तो पायरीवर बसून लहान पोरासारखा रडला. मीही रडले, लाज कशाची? दुसऱ्या दिवशी सकाळी त्याने लांज्याची एसटी पकडली. रघूला सांगायला गेलाय, फ्लॉपी माझी होती म्हणून. त्याला जाऊन आज तीन दिवस झाले. अजून आलेला नाही. त्याची आई दर तासाला मला विचारायला येते, आणि मला तिच्याकडे बघवत नाही.

तुझी,
सईदा